ओढ्याच्या वरची झाडं

घरात तिला बेबी म्हणत. पन्नाशी जवळ आली, चष्मा लागला, व्यापार खात्यात ती दारातून आत शिरली की माणसं खुर्च्यांमधून उठायला लागली. तरी बेटावरून दादाचा फोन आला की ती बेबीच. त्या दिवशीही त्याने वाऱ्यात उभं राहून बोलतात तसा मोठ्याने आवाज दिला.

"बेबी, सोमवारी करवतवाले येतायत!"

ती वाटाघाटींच्या दालनाबाहेरच्या बोळात उभी होती. दालनाचं दार अर्धवट उघडं होतं. आत दोन्ही देशांची माणसं चहा पीत एकमेकांच्या मुलाबाळांची चौकशी करत होती. चहा संपला की पुन्हा हमरीतुमरी सुरू होणार होती.

"कसले करवतवाले, दादा?"

"अगं, जायफळं पाडायला! सगळी बाग साफ करतोय. अननसाला ऊन लागतं, सावलीत तो नुसती पानं काढतो. रोपं सांगून ठेवलीत. व्यापारी म्हणतो, तुमचा तो करार झाला की पलीकडच्या देशात आपल्या अननसाला जकात शून्य. शून्य म्हणजे शून्य! शेजारच्या बागेतले मास्तरही लावायचं म्हणतायत."

तिने दालनाचं दार हळूच ओढून घेतलं. कारण त्याच सकाळी टेबलाच्या त्या बाजूच्या बाईंनी, घरच्यासारख्या मऊ आवाजात, एक वाक्य पुढे सरकवलं होतं: या करारात 'प्रदेश' याचा अर्थ मुख्यभूमीपुरता घ्यावा.

बेट मुख्यभूमीपासून दोन दिवसांच्या बोटप्रवासावर. झेंडा तोच, नाणी तीच, पोलिसांची टोपी तीच. पण फार पूर्वी कुणीतरी बेटाच्या बंदराची जकात वेगळी ठेवली होती, आणि तेव्हापासून दर व्यापारकरारात बेटाचं नाव मुद्दाम लिहावं लागे. लिहिलं तर ते आत. नाही लिहिलं तर बेटावर पिकलेलं फळ परदेशात गेल्यावर आपल्या देशाचं राहत नसे. त्यावर परक्या मालासारखी भरभक्कम जकात बसे. समोरच्यांना भीती होती की शेजारच्या तिसऱ्याच देशाच्या बेटांवरचा माल आपल्या धक्क्यावर उतरेल आणि आपल्या नावाने त्यांच्या बाजारात शिरेल. शिवाय त्यांचे स्वतःचे अननसवाले होते, आणि ते मतदार होते.

"होतंय ना गं?" दादाने विचारलं.

गुप्ततेच्या कागदावर तिने सही केलेली होती. पण सहीपेक्षाही दादाचा स्वभाव तिला जास्त ठाऊक होता. दादाच्या तोंडात तीळ भिजत नसे. आत्ता 'थांब' म्हटलं, तर दिवेलागणीच्या आत धक्क्यावरच्या हमालांनाही कळलं असतं.

"दादा, मला यातलं काही बोलता येत नाही. तुला माहीत आहे."

"माहीत आहे, माहीत आहे. नको बोलूस. व्हायचं नसतं तर तू नाहीच म्हणाली असतीस की! मौन म्हणजे संमती." तो खो खो हसला आणि फोन ठेवला.

तिने लगेच उलट फोन लावला. लागला नाही. तो बागेच्या चढावर गेला असणार. तिथे फोनला रेंज नसते.

दुपारी साहेबांनी तिला बाजूच्या खोलीत बोलावलं. साहेब म्हणजे आपल्या बाजूचे प्रमुख. काटकुळा माणूस, पोटाचं दुखणं, टेबलावर कायम कोमट पाण्याचा पेला. ते आवाज चढवत नसत, म्हणून त्यांच्याशी भांडणं अवघड जाई.

"बेट सोडावं लागेल," ते म्हणाले. "त्या बदल्यात आपल्या काचसामानाला ते पहिल्या वर्षापासून मोकळीक देतायत."

"साहेब, तिथले लोक या कराराच्या भरवशावर लागवड करतायत."

"काचकारखान्यांत कामगार किती आहेत, माहीत आहे ना तुम्हाला? आणि बेटावर माणसं किती?"

"माणसं मोजून देश ठरतो का?"

"देश नाही ठरत, बाई. जकात ठरते." त्यांनी पाण्याचा घोट घेतला. "मला आनंद होतोय असं समजू नका."

ती उठली नाही. खुर्चीच्या कडेवर तशीच बसून राहिली. डोक्यात सारखी करवत फिरत होती, आणि त्या करवतीच्या आवाजातच तिला एक गोष्ट सुचली.

"त्यांना भीती अननसाची आहे. त्यांच्याकडे अननस होतो. पण जे त्यांच्याकडे होतच नाही, त्याची कसली भीती? तेवढ्याच मालाची यादी करू. बेट बाहेर, पण यादीतला माल आत."

"उदाहरणार्थ?"

"जायफळ," ती म्हणाली आणि तिची जीभ अडखळली. "जायपत्री. काथ्याचे दोर. शिंपल्यांची बटणं."

साहेबांनी तिच्याकडे निरखून पाहिलं. "करा यादी."

दुसऱ्या दिवशी त्या यादीवर दोन्ही बाजू तुटून पडल्या. दोर गेले, कारण समोरच्यांच्या कुठल्याशा प्रांतात कुणीतरी दोर वळत होतं. बटणं राहिली. जायफळावर मऊ आवाजाच्या बाईंनी बराच वेळ घोळ घातला: पूड केली तर कुठल्या बेटाची कशी ओळखणार? पुडीत काहीही मिसळता येतं. शेवटी ठरलं, जायफळ अख्खं, कवचासकट, आणि जायपत्री न दळलेली. बेटावरच्या झाडाची, बेटावरच वाळवलेली. तेवढ्याला जकात शून्य.

बेटाला दाराच्या फटीतून का होईना, आत घेतलं होतं. तिच्या शेजारचा तरुण अधिकारी टेबलाखालून तिला अंगठा दाखवत होता. तिने मात्र तिकडे पाहिलं नाही. जायफळ आत आलं होतं, आणि सोमवारी बेटावरची जायफळाची झाडं पडणार होती.

बैठक उठल्यावर ती साहेबांच्या मागे गेली.

"साहेब, सांगायचं राहिलं. माझ्या भावाची बाग आहे तिथे. जायफळाची. वडिलांनी लावलेली."

साहेब चालता चालता थांबले. "हे आज सांगताय?"

"काल सांगितलं असतं तर तुम्ही मला यादी करू दिली नसती."

"नसतीच दिली." त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. "सही झाली की हे सगळं लेखी द्या. पुढचं चौकशीवाले बघतील. तोपर्यंत बाहेर एक अक्षर नाही. त्यांचे मसाल्याचे व्यापारी अजून झोपलेत. जागे झाले तर ही यादी सकाळपर्यंत गायब होईल. मग तुमच्या भावाचंच काय, कुणाचंच जायफळ जाणार नाही. कळलं?"

कळलं होतं. इकडे आड तिकडे विहीर. बोलावं तर सगळ्या बेटाचं नुकसान, गप्प राहावं तर दादाचं. आणि सही पुढच्या गुरुवारी.

शनिवार तिने घर आवरण्यात घालवला. स्वच्छ कपाटं पुन्हा पुसली. रविवारी सकाळी ती ताटासमोर नुसती बसून राहिली, तेव्हा नवऱ्याने वर्तमानपत्र खाली ठेवलं. तो दातांचा डॉक्टर.

"आठवडाभर मी लोकांना तोंड उघडा, तोंड उघडा म्हणत असतो," तो म्हणाला, "आणि घरी बायकोचंच उघडेना. काय झालंय?"

"काही नाही. मी दादाकडे कधी हिस्सा मागितला नाही ना?"

"कसला हिस्सा?"

"बाबांच्या बागेत. बाबा म्हणाले होते, दोघांची. मी कधी सोडल्याची सही दिली नाही आणि कधी मागितलाही नाही."

नवऱ्याने चष्मा काढला. "मग आज का? पैशांची अडचण आहे का काही?"

"नाही."

"अगं, मग माहेर तोडायला निघालीस का? हिस्सा मागितलेल्या बहिणीला कुठला भाऊ दारात उभं करतो? तुझा दादा तर असा हळवा."

हे सगळं तिला न सांगता माहीत होतं. आपल्याकडे भाऊ बहिणीला सगळं देतो, फक्त तिने मागायचं नसतं. पण इतक्या विचारांती तिला एवढा एकच रस्ता दिसला होता, ज्यात कराराचं एक अक्षरही बोलावं लागत नव्हतं. तिने फोन लावला.

फोन वहिनीने घेतला. "काय म्हणताय बेबीताई? यांना देते हं. रोपं आलीत आमची, अंगणात पाय ठेवायला जागा नाही!" आवाजात आनंद मावत नव्हता.

"दादा," तो आल्यावर ती म्हणाली, "ओढ्याच्या वरची झाडं माझी."

"काय?"

"बाबांनी दोघांची म्हणून सांगितलं होतं. ओढ्याच्या वरची बाजू मी घेते. त्या झाडांना करवत लावायची नाही."

 मग दादा हसला, पण ते हसणं अर्ध्यात सुकलं. "गंमत करतेस का?"

"नाही."

"का पण?"

"माझी आहेत म्हणून."

"तुझी! कधी एक पाटी खत घातलंस? वादळात बाबा आणि मी त्यांना दोर बांधत होतो तेव्हा तू मुख्यभूमीवर परीक्षा देत होतीस. मी कधी काही बोललो? जायफळं हवी होती तर पोतंभर पाठवली असती, बेबी!"

"जायफळं नकोत. झाडं हवीत. उभी."

मागून वहिनीचा आवाज आला, मघाचा आनंद पार पुसलेला. "वकील केलाय का विचारा. एवढी वर्षं गोड बोलत होत्या."

"दादा, ऐक. तू खालचीही पाडू नकोस. पुढच्या आठवड्यापर्यंत थांब ना..." शब्द तोंडातून निघाले आणि तिने जीभ चावली.

"पुढच्या आठवड्यात काय आहे?"

समोर नवरा उभा होता. त्याच्याकडे पाहत ती म्हणाली, "काही नाही."

"काही नाही ना? मग ऐक. ओढ्याच्या वर तुझं. ओढ्याच्या खाली माझं. माझ्यात तू बोलायचं नाहीस, आणि तुझ्याकडे मी बघणार नाही. वाळवी लागो नाहीतर वीज पडो." फोन ठेवल्याचा आवाज झाला.

सोमवारी कराराची अंतिम प्रत वाचायची होती. दोन्हीकडची माणसं बसून एकेक स्वल्पविराम तपासत होती. तिच्या वाट्याला नेमकी तीच यादी आली. 'जायफळ, अख्खे, कवचासह.' तिने ती ओळ मोठ्याने वाचली, समोरच्यांनी मान हलवली, खूण केली. त्याच वेळी ओढ्याच्या खाली काय चाललं असेल, हे तिला डोळे न मिटताही दिसत होतं. जायफळाचं झाड पडतं तेव्हा आधी फळं आपटतात, मग फांद्या, मग खोड. लहानपणी वादळात एक पडलेलं तिने ऐकलं होतं.

गुरुवारी सह्या झाल्या, फोटो निघाले. साहेबांनी हात पुढे केला आणि त्याच हाताने तिचा लेखी कागद घेतला. पुढच्या सोमवारपासून तिला जुन्या फायलींच्या विभागात बसवण्यात आलं, चौकशी पुरी होईपर्यंत. "शिक्षा नाही ही," साहेब म्हणाले. तिलाही ते पटलं होतं. तरी टपाल आलं की ती आधी सरकारी लिफाफा शोधायची.

दादाचा फोन आला नाही. बेटावरच्या छोट्या वर्तमानपत्रात मात्र बातमी आली. एका वाचकाने ती तिला मुद्दाम पाठवून दिली: अननस बाहेर, जायफळ आत, आणि करारवाल्या बाईंची झाडं तेवढी शाबूत.

ती वाचून तिने रजा टाकली आणि बोटीत बसली. बोटीवर तिला झोप लागली नाही. काय बोलायचं ते ती घोकत होती आणि प्रत्येक वाक्य दादाच्या तोंडून उलटं फिरून तिच्यावरच येत होतं.

दादा धक्क्यावर आला होता. येईल असं तिला वाटलं नव्हतं. त्याने तिची बॅग घेतली, काही न बोलता चढाची वाट धरली. पाठीत थोडा वाकला होता. ओढ्यापाशी ते थांबले. खालच्या उतारावर खोडांचे बुंधे उघडे पडले होते, आणि त्यांच्यामधून अननसाची रोपं ओळीने लावलेली, काट्याकाट्यांची, उन्हात चकाकणारी. वरच्या बाजूला मात्र अजून दाट काळोखी सावली होती. एक पिवळं फळ उकलून आतली लाल जायपत्री दिसत होती.

"हे अननस आता इथल्याच बाजारात," दादा म्हणाला. "मातीमोल भावाने. सगळ्यांनीच लावलेत ना."

"दादा, मला सांगता येत नव्हतं."

"कळलं ते. यादी वाचली त्या दिवशी कळलं. तू पुढच्या आठवड्यापर्यंत थांब म्हणाली होतीस, तेव्हाच कळायला हवं होतं. पण रागात माणसाचे कान बंद होतात." त्याने बॅग खाली ठेवली. "मी दोन दिवस हिच्याशी भांडलो, हिस्सा मागितला म्हणून तुला शिव्या घातल्या. आणि मग कळलं की तू शिव्या खायलाच फोन केला होतास."

आपण रडू असं तिला वाटलं होतं, पण रडू आलं नाही. कारण दादा पुढे काहीतरी बोलायचा थांबला होता.

"काय झालं?"

"मास्तरांची सगळी गेली."

मास्तर म्हणजे शेजारच्या बागेचे मालक. शाळेतून निवृत्त झालेले. दोघांनाही त्यांनीच बाराखडी शिकवली होती.

"ते तर आधी तयार नव्हते," दादा म्हणाला. "म्हातारा सावध माणूस. मला म्हणाले, बेबीला विचार, मग पाडतो. मी तुला फोन केला, तो पहिला. तू गप्प बसलीस. मी त्यांना सांगितलं, मास्तर, बेबी नाही म्हणाली नाही, म्हणजे पक्कं. त्यांनी माझ्याही आधी पाडली. शनिवारीच."

ती तिथेच एका बुंध्यावर बसली. शनिवारी ती कपाटं पुसत होती.

"त्यांच्याकडे जाऊ," ती उठत म्हणाली.

"आत्ता नको. घरी ये आधी."

"आत्ताच."

मास्तरांच्या दारात त्यांच्या सुनेने सांगितलं, मामंजी बाहेर गेलेत. चपला पायरीवरच होत्या. बेबीने त्या पाहिल्या, सुनेनेही पाहिलं की तिने पाहिल्या. बेबी पायरीवर बसली. दादा कुंपणापाशी उभा राहून उगाच शेंगा तोडत राहिला. ऊन पायरीवरून भिंतीवर चढलं, तेव्हा आतून काठी वाजली.

"अजून बसलीच आहेस?" मास्तर बाहेर आले. ती उठायला लागली, तर हाताने खाली बसवलं. "मला एक समजावून सांग. शाळेवर झेंडा कुणाचा लागतो?"

"आपला."

"माझं निवृत्तिवेतन कुठून येतं?"

"राजधानीतून."

"मग माझा अननस कुणाचा?"

तिने सांगितलं. साध्या शब्दांत, काही न लपवता: जुनी वेगळी जकात, समोरच्यांची भीती, काचेच्या बदल्यात सोडलेलं बेट, आणि शेवटी मिळालेली ती चिमूटभर यादी. पहिल्या फोनचंही सांगितलं. "तुम्ही माझ्या गप्प बसण्यावर भरवसा ठेवलात," ती म्हणाली. "मी दादाला नुसतं 'बोलता येत नाही' म्हणाले, आणि फोन पुन्हा लागला नाही तेव्हा सोडून दिलं. निदान 'माझ्या गप्प बसण्याचा अर्थ लावू नकोस' एवढं तरी म्हणता आलं असतं. एवढ्याने काही फुटलं नसतं."

"नसतं फुटलं," मास्तर म्हणाले. त्यांनी तिला माफ केल्याचं कुठे दिसत नव्हतं, आणि तिने ते मागितलंही नाही.

"माझ्या झाडांखाली रोपं होतील," ती म्हणाली. "ताजं बी घातलं तर उगवतं. तुम्हाला हवी तितकी देते."

"जायफळाचं रोप फळाला यायला सात-आठ वर्षं. त्यातली निम्मी नर निघतात, ती नुसती उभी राहतात. माझं वय काय, माहीत आहे?"

"माहीत आहे."

मास्तरांनी समोरच्या उघड्या उताराकडे पाहिलं. मग सुनेकडे वळून म्हणाले, "पन्नास सांग. जास्त नकोत. पाणी तुलाच घालायचंय."

दुसऱ्या दिवसापासून ती आणि दादा ओढ्याच्या वर बी गोळा करायला लागले. कवच सुकायच्या आत मातीत जायला हवं, म्हणून दादा घाई करत होता आणि चुकलं की जुन्यासारखाच ओरडत होता. शेजारचे आणखी काही जण येऊन रोपं मागून गेले. काही आलेच नाहीत. रस्त्यात भेटले तर दुसरीकडे पाहायचे. चौकशीचं पत्र अजून आलेलं नव्हतं. रोज बोटीचा भोंगा वाजला की तिचे मातीने भरलेले हात थांबत, आणि पोस्टमन चढ चढून वर येतो की खालच्या खाली वळतो, हे बघितल्यावरच ते पुन्हा मातीत जात.

वहिनी तिच्याशी थेट बोलत नव्हती. दुपारी ती ओढ्यापर्यंत यायची, पलीकडे थांबायची आणि दादाला मोठ्याने विचारायची, "त्यांना विचारा, आज जेवायला येणार का, की ओढ्याच्या वरच राहणार?"

"येते म्हणावं," बेबी सांगायची, आणि हात धुवायला ओढ्यात उतरायची.